सासूबाई आता कन्नडच बोलतात, आणि मला कन्नड येत नाही

वडगावची सून

नमस्कार. लांबण लागणार आहे, आधीच सांगते. दुपारी दोन ते तीन त्या झोपतात, तेवढाच वेळ माझा.

माझं माहेर आजरा. लग्न होऊन बेळगावला, वडगावात आले त्याला बावीस वर्षं झाली. सासूबाईंना आम्ही आत्ती म्हणतो. वय 76. चार वर्षांपूर्वी दूध गॅसवर ठेवून विसरण्यापासून सुरुवात झाली. मग भाजीवालीला दोनदा पैसे, मग पाटल्या कुणीतरी चोरल्या (तांदळाच्या डब्यात निघाल्या, चोर अर्थातच मी). डॉक्टरांनी डिमेन्शिया सांगितला, बहुतेक अल्झायमरच म्हणाले. डोनेपेझिलची गोळी चालू आहे. इथपर्यंत चार घरांत असतं तसंच.

आमच्याकडचं वेगळं ते पुढं. आत्तींचं माहेर सुळेभावी, विणकराचं घर, घरात सगळं कन्नड. लग्न होऊन आल्या त्या सीमालढ्यातल्या माणसाच्या घरात. सासरे 1 नोव्हेंबरला काळा दिवस पाळायचे, दंडाला काळी फीत लावून सायकल फेरीला जायचे. 1986 ला कन्नड सक्तीच्या विरोधात रस्त्यावर होते, गुडघ्यावरचा लाठीचा वळ पाव्हण्यांना दाखवायचे. माणूस वाईट नव्हता. पण घरात कन्नड शब्द चालायचा नाही. आत्ती पन्नास वर्षं मराठीत भांडल्या, मराठीत रडल्या. ‘मी आलो, मी जेवलो’ हे इथल्या बायकांचं बोलणंसुद्धा त्यांच्या तोंडात असं बसलेलं, की मी आजऱ्याची असून त्यांचं ऐकून तशी बोलायला लागले. सुळेभावीहून भावाचा फोन आला की मात्र त्या परसात जायच्या. मला वाटायचं, आत रेंज मिळत नसेल.

सासरे जाऊन अकरा वर्षं झाली. गेल्या दिवाळीपासून आत्तींचं मराठी गळायला लागलं. आधी दिवे लागणीच्या वेळेला तेवढं, आता दिवसभर. नवरा फोंड्याला कंपनीत, शनिवारी रात्री येतो आणि सोमवारी पहाटे जातो. मुलगा बारावीत. त्याला कन्नड आहे, पण पुस्तकातलं वेगळं आणि आजीचं वेगळं म्हणतो, निम्मं कळतं त्याला. शिवाय दिवसभर तो क्लासला. म्हणजे घरात आम्ही दोघीच, आणि दोघींना एकमेकींचं काही कळत नाही.

‘यारवा नी?’ हे आता मला कळतं. तू कोण गं. रोज विचारतात. ‘मनीग होगबेकु’ हेही कळतं, कारण ते म्हणत चपला घालून दारात उभ्या राहतात. पण बाकीचं? परवापासून ‘लाळी, लाळी’ म्हणतात. मला वाटलं लाळ गळतेय, टॉवेल घेऊन तोंड पुसलं. हातावर फटका बसला. परत म्हणाल्या, परत पुसलं, परत फटका. शेवटी दोघी रडलो.

डॉक्टरांकडे ती प्रश्नांची परीक्षा असते की, साल कुठलं, महिना कुठला, शंभरातून सात वजा करा. डॉक्टरांनी मराठीत विचारलं. हे कुठलं राज्य? आत्ती म्हणाल्या, “राज्याचं यांना विचारा, मला त्यातलं कळत नाही.” डॉक्टरांनी चूक म्हणून लिहिलं. मला हसावं की काय कळेना, कारण सासऱ्यांना विचारलं असतं तर त्यांचंही उत्तर त्या कागदावर चूकच ठरलं असतं.

आता प्रश्न. नणंद म्हणते, मराठीतच बोलत राहा, कन्नड सुरू केलंस तर उरलंसुरलं मराठीही जाईल. खरं आहे का हे? आणि ‘घरी जायचंय’ म्हणतात तेव्हा काय सांगायचं? मी सांगते, आत्ती, हेच आपलं घर, तर जास्तच चिडतात. गेल्या आठ दिवसांत तर फारच झालंय, रात्रभर जाग्या, अंगावरची चादर, साडी ओढत बसतात, दोनदा पडल्या. मी एकटी आहे. काही सुचवा.

जुनी सिस्टर, खानापूर

ताई, भाषेचं नंतर बघू. तुमचं शेवटून तिसरं वाक्य आधी. आठ दिवसांत एकदम वाढलं म्हणताय ना? डिमेन्शिया असा आठ दिवसांत उडी मारत नाही. एकदम वाढलं की दुसरं काहीतरी असतं. म्हाताऱ्या बायकांत पहिला संशय लघवीच्या इन्फेक्शनचा. ताप येईलच असं नाही, जळजळ त्या सांगू शकत नाहीत, नुसती बडबड आणि बेचैनी वाढते. उद्या सकाळी लघवीची तपासणी करून घ्या. पोट किती दिवस साफ नाही तेही बघा, बद्धकोष्ठानं सुद्धा असं होतं. पाणी किती पितात ते मोजा. दोनदा पडल्यात तर डोकं आपटलं होतं का? आपटलं असेल तर डॉक्टरांना तसं सांगा, कवटीच्या आत रक्त साकळतं आणि ते पंधरा दिवसांनीही त्रास देतं.

गोळी डोनेपेझिल आहे, तर नाडी मोजून घ्या. त्या गोळीनं काहींची नाडी मंद होते, चक्कर येते, माणूस पडतो. स्वतः बंद करू नका, विचारून करा. आणि शेजारपाजारचे झोपेची गोळी सुचवतील. देऊ नका. त्या गोळीनं पडून खुब्याचं हाड मोडलेले पेशंट मी वॉर्डात बघितलेत.

बी-12 आणि थायरॉइड सुरुवातीला केलंच असेल. नसेल तर तेही. कानात मळ आहे का तेही बघून घ्या, हसू नका.

सीमावासी 56

हा आजाराचा प्रश्न आहे, यात काळा दिवस आणि सासरे कशाला आणलेत? आपल्याच लोकांनी असं लिहिलं की बाहेरच्यांना आयतंच सापडतं.

वडगावची सून

दादा, सासऱ्यांचा फोटो अजून हॉलमध्ये आहे आणि हार मीच घालते. पण आत्तींची पाठ मी चोळते, फोटो चोळत नाही. जे घडलं ते लिहिलं.

सिस्टर, उद्याच जाते.

पुण्यात बेळगावकर

नणंदेच्या मुद्द्याबद्दल. माझ्या काकांच्या वेळी हे सगळं वाचून काढलं होतं. दोन भाषा येणाऱ्या माणसाला हा आजार झाला की बऱ्याच वेळा मागून शिकलेली भाषा आधी सैल होते आणि लहानपणीची शेवटपर्यंत टिकते. सगळ्यांचं तसंच होतं असं नाही, पण आत्तींचं तेच दिसतंय. तुम्ही कन्नड बोललात म्हणून मराठी जाणार नाही. ते आजारानं जातंय. मराठीचा हट्ट धरलात तर एवढंच होईल की त्या बोलायच्याच थांबतील.

आणि एक, म्हटलं तर दिलासा. हैदराबादच्या निझाम्स इन्स्टिट्यूटमध्ये 648 डिमेन्शियाच्या पेशंटांचा अभ्यास झाला होता, 2013 मध्ये छापून आला. दोन भाषा बोलणाऱ्यांत आजाराची लक्षणं सरासरी साडेचार वर्षं उशिरा दिसली. न शिकलेल्यांतसुद्धा. सरासरी म्हणजे प्रत्येकाला लागू असं नव्हे. पण सासऱ्यांच्या घरी येऊन आत्तींना जी दुसरी भाषा शिकावी लागली, तिनं कदाचित त्यांचंच थोडं भलं केलं असेल. हे वाचून सीमावासी 56 पण खूश होतील.

पुढच्या वेळी डॉक्टरांना सांगा, ती परीक्षा कन्नडमधून घ्या. जी भाषा सुटत चाललीय तिच्यात परीक्षा घेतली तर मार्क कमी पडणारच. बेळगावात कन्नड बोलणारा डॉक्टर मिळत नाही असं तर नाही ना!

निपाणीकर मास्तर

मी कोरडं बोलणार आहे, राग मानू नये. घर कुणाच्या नावावर आहे? बँक खातं एकटीचं आहे का? आमच्या वडिलांच्या वेळी आम्ही वटमुखत्यारपत्र (पॉवर ऑफ अटर्नी) करून निवांत बसलो. नंतर वकील म्हणाले, ज्याला कळेनासं झालं त्याचं वटमुखत्यारपत्र उपयोगाचं राहत नाही. मग पालक नेमून घ्यायला उच्च न्यायालयात जावं लागतं, आपल्याला धारवाड खंडपीठ. आम्ही गेलो. वर्ष गेलं.

त्यांना अजून काही समजत असेल, चांगल्या दिवशी डॉक्टर तसं लिहून देत असतील, तर खातं मुलाबरोबर जोडखातं करून घ्या. समजत नसेल तर अंगठा घेऊन मोकळे होऊ नका, उद्या नणंदच कोर्टात उभी राहील (तुमच्या नणंदेला ओळखत नाही, जगाचं सांगतोय). कर्नाटक सरकारची संध्या सुरक्षा पेन्शन, गृहलक्ष्मी योजनेचे महिन्याचे 2,000 कुणाच्या नावावर येतात तेही बघून ठेवा. आणि नवरा आयकर भरत असेल आणि जुन्या पद्धतीनं भरत असेल, तर 80डीडीबी कलमात डिमेन्शिया येतो. 40 टक्के किंवा जास्त अपंगत्व आहे असं तज्ज्ञांनी लिहून दिलं, तर ज्येष्ठांच्या औषधपाण्याची 1 लाखापर्यंत वजावट मिळते. आम्हाला हे तिसऱ्या वर्षी कळलं.

तुम्ही एकट्या आहात म्हणता. 14416 हा टेलिमानसचा, म्हणजे सरकारच्या मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा नंबर फुकट आहे, कन्नडमध्येही बोलतात, मराठीतही. रात्री दोनला माझी बायको त्यावर नुसती रडली होती. ऐकून घेतलं त्यांनी.

गोकाकची लेक

अगं बाई, लाळी म्हणजे धोटा! मागावर आडवा धागा इकडून तिकडे नेतो तो. कन्नडमध्ये विणकर त्याला लाळी म्हणतात. तू लाळ पुसत बसलीस, फटका मिळणारच. हसता हसता रडू आलं मला.

माझं माहेर गोकाक, सासर शहापूर. तुझ्या आत्तींचं जे झालं ते माझंही थोडं झालेलं आहे. आमच्याकडं कुणी बंदी घातली नव्हती, पण सगळे मराठी, मग आपणच गप्प बसतो. मुलांना माझं कन्नड येत नाही. परवा तुझं वाचून रात्री झोप लागली नाही. मी उद्या अशी झाले तर माझ्या लेकाला ‘नीर बेकु’, पाणी हवं, एवढं म्हटलेलं तरी कळेल का? सकाळी त्याला पाच शब्द शिकवले. तो म्हणाला, आई तुला काय झालंय?

आता हे पाठ कर. व्याकरण सोड, आवाज मऊ ठेव. सुळेभावीकडं साधारण असंच बोलतात.

बा यव्वा, इल्ली कुंदर. ये गं आई, इथं बस.
अंजब्याड, ना इल्ले अदीनि. घाबरू नको, मी इथंच आहे.
ऊटा माडूणु बा. चल, जेवूया.
आम्याल होगूणु. नंतर जाऊया.

हे शेवटचं सोन्यासारखं आहे. घरी जायचं म्हणाल्या की ‘हेच घर’ म्हणू नकोस. त्यांचं घर सुळेभावीचं, तिथं त्यांची आई आहे, त्यांच्या लेखी अजून आहे. ‘आम्याल होगूणु’ म्हण आणि विचार, तिथं कोण आहे, काय करत्यात. सांगू देत. माझ्या आजेसासूला गल्लीच्या टोकापर्यंत फिरवून परत आणायचो, दारात आलं की म्हणायची, आलं बाई घर.

त्यांना यव्वा म्हटलेलं चालेल का, असं मनात येईल तुझ्या. चालेल. तुला नाहीतरी सून म्हणून त्या आता ओळखत नाहीत.

वडगावची सून

बारा दिवसांनी लिहितेय, माफ करा.

सिस्टर, तुमच्या पाया पडते. लघवीत इन्फेक्शन निघालं. सात दिवस औषध झालं, चादर ओढणं थांबलं, रात्री चार-पाच तास झोपतात. नाडीही मोजली, ठीक आहे. कानात मळ होता! डाव्या कानातून केवढा निघाला.

मास्तर, घर सासऱ्यांच्याच नावावर आहे अजून, अकरा वर्षं कुणी बघितलंच नाही. नवऱ्याला सांगितलं, तो गप्प झाला. पुढच्या शनिवारी वकिलाकडे जाणार आहोत, नणंदेलाही बोलावलंय.

गोकाकच्या ताई, चार वाक्यं कागदावर लिहून फ्रिजवर लावली. पहिल्या दिवशी ‘आम्याल होगूणु’ म्हटलं तर आत्ती माझ्याकडं बघतच राहिल्या. मग मुलाला हाक मारून काहीतरी बोलल्या. तो हसायला लागला. म्हणाला, आजी विचारतेय, ही बाई कुठल्या गावची, हिला नीट बोलता येत नाही. पण चपला काढल्या त्यांनी.

नवऱ्याला फोनवर लाळीचं सांगितलं. तो म्हणाला, हे मला विचारायचंस की, आमच्या मागावरचे कामगार लाळीच म्हणायचे. माग 2006 ला विकले, पण माळ्यावर एक धोटा होता. लाकडी, टोकाला लोखंड लावलेला. रविवारी त्यानं काढला, तेल लावून पुसला आणि आत्तींच्या हातात दिला. त्यांनी वास घेतला. मग अंगठ्यानं आतली सुताची कांडी चाचपायला लागल्या, ती नाहीच म्हटल्यावर माझ्याकडं बघून काहीतरी विचारलं, दोनदा. नवऱ्यानं सांगायच्या आधीच मला कळलं. आता कांडी कुठं मिळते ते बघतेय, वडगावात अजून चार-पाच घरांत माग चालू आहेत.

गोकाकच्या ताई, अजून एक. दुपारी झोपायच्या आधी त्या दोन ओळी गुणगुणतात, जात्यावरचं असावं, ‘कल्ल’ असं काहीतरी ऐकू येतं. मोबाइलवर रेकॉर्ड केलंय. ऐकून सांगाल का काय म्हणतात ते?