फ्लशच्या टाकीला घाम येतोय, मिक्सिंग व्हॉल्व्ह घरच्या घरी बसवावा का?

ओलीलादी
कमोडच्या टाकीखाली रोज सकाळी पाणी साचतं. महिनाभर गळती समजून तिच्याच मागे लागलो होतो. कनेक्शन पाइप बदलला, बोल्टांचे वायसर बदलले, तरी दुसऱ्या दिवशी तळं आहेच. काल रात्री टॉर्च घेऊन लादीवर बसलो तेव्हा उलगडा झाला. टाकीच्या बाहेरून थेंबच थेंब, तेही आतल्या पाण्याच्या पातळीपर्यंतच. त्याच्या वर चिनीमाती कोरडी ठणठणीत.

थंड पाण्यात थोडं गरम मिसळून टाकीला देणारा व्हॉल्व्ह मिळतो असं कळलं. बेसिनखाली गरम पाण्याची लाइन टाकीपासून हातभरावर आहे. स्वतः बसवावा का? की टाकीला आतून फोम चिकटवून भागेल?

बारा_नंबर_पाना
व्हॉल्व्ह राहू द्या बाजूला. आधी टाकीत खाण्याचा रंग टाका आणि अर्धा तास कुणाला फ्लश करू देऊ नका. कमोडच्या भांड्यात रंग उतरला, तर तळाचं फ्लॅपर, म्हणजे फ्लशचं भोक बंद करणारी रबरी झडप, गळतंय. मग टाकीत दिवसभर थेंब थेंब ताजं थंड पाणी येत राहतं आणि टाकी खोलीच्या तापमानाला येतच नाही. अशा टाकीला घाम येणारच.

आता हिशेब. खोलीत २८ अंश आणि ८० टक्के आर्द्रता असेल तर दवबिंदू साधारण २४ अंश. टाकीची भिंत त्याहून गार असली की थेंब धरणार.

फोमवाला
फोमचं मी करून बसलोय. टाकी पूर्ण सुकवायची होती, मी घाईत फडक्याने पुसून चिकटवला. तीन आठवड्यांनी एक कोपरा सुटला आणि नेमका फ्लोटखाली जाऊन अडकला. टाकी रात्रभर भरत राहिली. नीट सुकवून, फ्लोटला जागा सोडून लावलात तर काम होतं, पण टाकीत पाणी कमी मावतं हे धरून चाला.

ओलीलादी
रंग उतरला! वीस मिनिटांत भांडं गुलाबी. फ्लॅपर काढलं तर त्याची कड बोटाला काळी लागत होती, रबर विरघळल्यासारखं. नवं बसवलं. आठवडाभर पाहिलं, तळं निम्म्यावर आलं. पण पाहुणे आले आणि फ्लश वाढले की पुन्हा घाम. टाकीतलं पाणी मोजलं, १८ अंश. पानेकाका, आता तरी परवानगी द्या.

काटकसर
मधेच बोलतो. ६ लिटर पाणी १० अंशांनी तापवायला साधारण ०.०७ युनिट वीज जाते. दिवसाला वीस फ्लश म्हणजे १.४ युनिट. नुसतं फ्लश करायला! त्यापेक्षा एक्झॉस्ट पंखा लावा.

बारा_नंबर_पाना
काटकसर यांचं बरोबर आहे, म्हणूनच हा उपाय मी शेवटी ठेवतो. पंखा लावाच, पण बाहेरची हवाच दमट असेल तर त्याचा फार उपयोग नाही.

बसवायचं तर असं. गरम-थंड दोन्ही लाइनी बंद करा, फ्लश करून टाकी रिकामी करा, उरलेलं स्पंजने टिपा. गरम लाइनीवर टी (तीन तोंडांचा जोड) घाला. व्हॉल्व्हच्या दोन तोंडांना गरम आणि थंड, तिसरं टाकीकडे. टेफ्लॉन टेप आट्यांवरच, रबरी वायसरच्या जोडावर नको.

सगळ्यात महत्त्वाचं: गरम-थंड दोन्ही तोंडांना एनआरव्ही, म्हणजे पाणी एकाच दिशेने जाऊ देणारा व्हॉल्व्ह, हवाच. काही व्हॉल्व्हमध्ये तो आतच असतो, नसेल तर वेगळा घाला. टाकी भरून फ्लोटने पाणी थांबवलं की गरम आणि थंड लाइन व्हॉल्व्हच्या पोटात एकमेकींना भेटतात. जिचा दाब जास्त, ती दुसरीत घुसते.

मिश्रण २४-२५ अंशांच्या आसपास पुरे. थंड १८ आणि गरम ५० असेल तर पाचवा हिस्सा गरम. जास्त गरम केलंत तर नव्या फ्लॅपरची गत जुन्यासारखी लवकर होईल. आणि तुमचा गीझर साठवणीचा आहे की झटपटवाला? झटपटवाला इतक्या बारीक धारेवर कदाचित पेटणारच नाही.

ओलीलादी
साठवणीचा आहे. काल बसवला, आणि गाढवपणा केला तो सांगतो. पहिल्या फ्लशनंतर झाकण उघडलं तर आत आंघोळीचं पाणी! वाफच तोंडावर आली. बेसिनचा थंड नळ सोडला तर तोही कोमट. अर्धा तास मिश्रण कमी-जास्त करायचा स्क्रू फिरवत बसलो, काही फरक नाही. मग बायको वाकून म्हणाली, "हा बाण भिंतीकडे का आहे?" थंड बाजूचा एनआरव्ही उलटा. थंड पाणी व्हॉल्व्हमध्ये येतच नव्हतं, उलट गरम तिकडे जात होतं.

सुलटा केला. आधी दोन-तीन फ्लशना टाकीत फारसा फरक दिसला नाही, पाइपात गार होऊन बसलेलं पाणीच येत होतं. आता टाकीत २५ अंश. आज सकाळी टाकीखाली वर्तमानपत्र पसरून ठेवलं होतं, कोरडं आहे. त्यातलं शब्दकोडंही सोडवून झालं.

फोमवाला
एक सुटा एनआरव्ही माझ्या डब्यात पडलाय. त्यावरचा बाण पुसला गेलाय, दिशा कशी ओळखायची?

बारा_नंबर_पाना
तोंडाने फुंकून बघा. ज्या बाजूने फुंकल्यावर हवा पार जाते, ती आत येण्याची बाजू. तिथे मार्करने बाण काढून ठेवा.