अनुभव धागा : भाजलेला लाल भोपळा, तुमच्याकडे कसा जमतो?

थंडी म्हणावी अशी ठाण्यात पडत नाही, पण डिसेंबर-जानेवारीत पहाटे पंखा बंद करावासा वाटतो आणि ओव्हन लावायचा उत्साह येतो. परदेशातली भाचरं नाताळच्या सुट्टीत आली की 'रोस्टेड स्क्वॉश' मागतात. आपला लाल भोपळा तिकडच्या बटरनट स्क्वॉशचा सख्खा भाऊच, दोन्ही एकाच जातीतले. म्हणून मी तोच भाजते आणि पानात डाव्या बाजूला वाढते.

माझी पद्धत साधी. किलोभर भोपळा, साल काढून इंचभराच्या फोडी, दोन चमचे तेल, मीठ, भरड मिरपूड. ओटीजी २०० अंशांवर तापवून पस्तीस-चाळीस मिनिटं, मध्ये एकदा फोडी उलटायच्या. कधी कडा मस्त खमंग होतात, तर कधी सगळं ओलंगिच्च, उकडल्यासारखं. फरक कशाने पडतो ते तुमच्या अनुभवातून कळू दे. ओव्हनच हवा असं नाही. तवा, चूल, एअर फ्रायर, जे वापरता ते लिहा. आणि बरोबर काय वाढता तेही.

(पाचपाखाडी)

जांभळी नाक्यावरून

ताई, अर्धा निकाल बाजारातच लागतो. आमचं घर कौपिनेश्वराच्या मागच्या बाजूला, त्यामुळे भाजी रोज ताजी, आणि भाजीवाल्या मावशींशी हुज्जतही रोज. भोपळ्याची चिरलेली फोड घेताना मी तीन गोष्टी बघते. गर गडद केशरी आणि जाड हवा, बिया टपोऱ्या हव्यात, आणि कापलेल्या बाजूवर बोट फिरवलं तर बोट ओलं होता कामा नये. फिकट पिवळा गर आणि चपट्या पोचट बिया म्हणजे भोपळा कोवळा तोडलेला. त्याची भाजी होईल, भाजायला तो नको.

अख्खा घेत असाल तर देठ वाळून लाकडासारखा झालेला बघा आणि सालीत नख रुतवून पाहा. नख रुतलं तर ठेवून द्या. जून भोपळा कोरड्या जागी महिना-दोन महिने सहज टिकतो. आमच्या कोकणातल्या घरी तो शिंक्यात टांगलेला असायचा आणि शिमग्यापर्यंत पुरायचा. टिकला की गोडीही वाढते, कारण आतल्या पिठूळपणाची हळूहळू साखर होते.

आणि चिरल्यावर धुऊ नका हो! धुवायचा तर आधी अख्खा धुवा, पुसा, मग चिरा.

कोपरखैरणे, सेक्टर सांगत नाही

ओलंगिच्च का होतं याचं उत्तर पाण्यात आहे. भोपळ्यात नव्वद टक्क्यांच्या आसपास पाणीच असतं. फोडीचा पृष्ठभाग ओला असेपर्यंत तिथलं तापमान शंभराच्या फारसं वर जात नाही. आणि आपल्याला हवा असलेला तपकिरी रंग नि खमंग वास यायला साधारण १४० अंशांच्या पुढे जावं लागतं. म्हणजे आधी पाणी उडायला हवं, मग रंग. फोडी एकमेकींना चिकटून ठेवल्या की एकीची वाफ दुसरीला उकडते. गर्दीच्या वेळची ठाणे लोकल आणि हा ट्रे, दोन्हीकडे घामच घाम.

म्हणून :

किलोभर फोडी आपल्या घरगुती ओटीजीच्या एका ट्रेमध्ये मावत नाहीत. मावतात असं वाटतं, पण दोन फोडींमध्ये बोटभर अंतर राहत नाही. दोन घाण्यांत भाजा. ट्रे आधीच आत ठेवून तापवा, गरम ट्रेवर फोडी टाकल्या की चुर्र आवाज आला पाहिजे. वरून फॉइल झाकू नका. दोन्ही कॉइल चालू आणि पंखा असेल तर पंखाही. ओटीजीच्या खटक्यावर २०० लिहिलंय म्हणून आत २०० असतंच असं नाही. आत ठेवायचा छोटा तापमापक मिळतो. माझ्या ओव्हनमध्ये तो बराच कमी दाखवतो, म्हणून मी खटका २२० वर ठेवतो.

मीठ मात्र आधी लावून ठेवू नका. दहा मिनिटांत फोडींना पाणी सुटतं. ट्रे आत जाताना लावा, नाहीतर बाहेर काढल्यावर.

ऐरोलीची

आम्ही दोघंच. एवढ्याशा भोपळ्यासाठी ओटीजी कोण तापवत बसणार? एअर फ्रायर, १९० अंश, पंधरा-सतरा मिनिटं, मध्ये एकदा टोपली हलवायची. तेल एकच चमचा. वर चाट मसाला. वरण-भात, तूप आणि हे. संपलं.

घणसोली, मूळ नागपूर

सगळ्यांचं वाचलं. राग मानू नका, पण मिरपूड आणि तेल एवढ्यावर कोहळं (आम्ही लाल भोपळ्यालाच कोहळं म्हणतो) खायचं म्हणजे काय? आमच्याकडे त्याची बाकर भाजी होते. खसखस, तीळ, सुकं खोबरं भाजून वाटायचं, चिंच-गूळ घालायचा, आणि लग्नाच्या पंगतीतही लोक ती मागून खातात. त्यापुढे हे पांढरपेशं 'रोस्टेड' म्हणजे पथ्याचं जेवण.

तरी सुनेच्या आग्रहाने केलं, आणि ओव्हन न वापरता केलं. बिडाचा जाड तवा, सालीसकट अर्ध्या इंचाचे लांब काप, थोडं शेंगदाणा तेल, मध्यम आच, झाकण नाही. एका बाजूला सात-आठ मिनिटं हात लावायचा नाही. सारखं उलटंपालटं केलं की रंग धरत नाही. दोन्ही बाजू खरपूस झाल्या की त्याच तव्यावर एका कडेला चमचाभर तेलात मेथीदाणे, सुकी मिरची, तीळ. गुळाची चिमूट. हे सगळं वरून ओतायचं. मिरपूडवाल्यांनी एकदा करून बघावं.

बिडाचा तवा नसेल तर नॉनस्टिकवर करू नका असं म्हणणार होते, पण मुलीकडे तसं केलं आणि बरं झालं. फक्त खमंगपणा थोडा कमी.

धागाकर्ती

घणसोलीकर काकू, मेथीदाण्याची फोडणी काल करून पाहिली. भाचरांनी बाकीचा रोस्ट सोडून तेवढंच खाल्लं. कोपरखैरणे, दोन घाण्यांचं पटलं. वीजबिलाचं मात्र बोलू नका.

करावे गाव

तुमचे ओव्हन असूदेत. आमची आजी चुलीत भाजायची. लहान, डोक्याएवढा भोपळा, देठाकडून झाकणासारखी चकती कापायची, बिया काढून आत मीठ, ठेचलेला लसूण नि मिरची टाकायची, चकती परत बसवायची. स्वयंपाक झाला की उरलेल्या निखाऱ्यात नि राखेत पुरून ठेवायचा. तास-दीड तासाने बाहेरून काळा ठिक्कर, आत मऊ. चमच्याने गर काढायचा. बरोबर तांदळाची भाकर आणि सुकटीची चटणी. गोडाबरोबर खारं, यासारखी जोडी नाही. ओव्हनवाल्यांनीही भोपळ्याबरोबर भाजलेली सुकट खाऊन बघा. सोसायटीतल्या शेजाऱ्यांचं मी बघून घेते!

एक सांगते. चकती न कापता अख्खा बंद भोपळा विस्तवात किंवा ओव्हनमध्ये टाकू नका. आत वाफ कोंडते आणि तो फुटतो. निदान सुरीने चार ठिकाणी खोल टोचा.

आता गावात चुली उरल्या नाहीत. पाइपचा गॅस आला. मी वांग्यासाठीची जाळी गॅसवर ठेवून जाड फोडी सालीकडून भाजते. धुरकट वास थोडा येतो. आजीचा तो नाही.

खारघर

पोपटीत कुणी भोपळा घातलाय का? पनवेलकडचे आमचे मित्र जानेवारीत पोपटी लावतात. मडक्यात भांबुर्ड्याचा पाला, वालाच्या शेंगा, बटाटे, रताळी, अंडी, कोंबडी, ओवा आणि मीठ. तेल नाही की पाण्याचा थेंब नाही. मडकं उपडं ठेवून भोवती जाळ. मागच्या हिवाळ्यात आम्ही भोपळ्याच्या मोठ्या सालासकट फोडी टाकल्या. चव सुंदर, पाल्याचा वास मुरलेला. पण कोपरखैरणेकरांच्या हिशोबाने तो 'भाजलेला' नव्हे, कारण मडक्यात सगळं आपापल्या वाफेवरच शिजतं. रंग आला नाही, आणि तळाशी ठेवलेल्या फोडींचा लगदा झाला. भोपळा वरच्या थरात ठेवावा, शेंगांच्या मध्ये.

कोपरखैरणे

चालेल. पोपटीला सगळे नियम माफ.

वर्तकनगर

वडिलांना मधुमेह. 'भोपळा गोड, तो बंद' असं शेजारच्या काकांनी परस्पर ठरवून टाकलं होतं. आहारतज्ज्ञ बाईंनी समजावलं की कच्च्या भोपळ्यात शंभर ग्रॅमला कर्बोदकं सहा-सात ग्रॅमच्या आसपास, म्हणजे रताळं-बटाट्याच्या मानाने बरीच कमी. मात्र भाजल्यावर पाणी उडतं, म्हणून शंभर ग्रॅम भाजलेल्या भोपळ्यात ती जास्त भरतात. त्यामुळे आम्ही कच्च्या वजनाने मोजतो आणि त्या दिवशी पोळी एक कमी करतो. गूळ अर्थात नाही. तेल अगदी बंद करू नका असंही त्या म्हणाल्या. भोपळ्याचा केशरी रंग ज्या बीटा कॅरोटीनचा, ते अंगी लागायला थोडा स्निग्धांश लागतो. प्रत्येकाचं औषध वेगळं, तेव्हा आपापल्या डॉक्टरांना विचारा.

सीवूड्स

उपासाला : तेलाऐवजी तूप, जिरं, सैंधव, भाजून झाल्यावर दाण्याचं कूट आणि लिंबू. आमच्याकडे कोथिंबीर चालते, सासूबाईंच्या माहेरी चालत नाही. साबुदाण्याच्या खिचडीबरोबर हे असलं की जेवण जड होत नाही.

बेलापूर

डब्यात देऊ नका. सकाळी खमंग असलेल्या फोडी दुपारी डब्यातच घाम येऊन मऊ पडतात. मी उरलेल्या फोडी काट्याने चेचून दही, मीठ, चिमूट साखर, वर हिंग-मोहरी-हिरवी मिरचीची फोडणी, असं भरीत करते. उकडलेल्या भोपळ्याच्या भरितापेक्षा कितीतरी सरस लागतं, कारण त्याला पाणी सुटत नाही आणि भाजल्याचा वास असतो. खरं सांगायचं तर मी आता भरितासाठीच भाजते. मुलं मूळ फोडींना हात लावत नाहीत, भरीत पोळीला लावून खातात.

बिया टाकू नका. धागे काढून धुवायच्या, दिवसभर वाळवायच्या, मग मिठाचं पाणी शिंपडून १५० वर वीसेक मिनिटं.

नौपाडा

'आपला पारंपरिक भोपळा' असा सूर दिसतोय वर, म्हणून थोडी आगाऊ माहिती. लाल भोपळ्याचं मूळ घर अमेरिका खंड. मेक्सिकोतल्या ओआहाका भागातल्या एका गुहेत त्याच्याच कुळातल्या भोपळ्याच्या सुमारे दहा हजार वर्षांपूर्वीच्या लागवडीच्या बिया सापडल्या आहेत. मिरची, बटाटा, टोमॅटोसारखाच तोही कोलंबसानंतरच्या काळात इकडे आला. दुधी मात्र इथे फार जुना. तेव्हा बटरनट परका आणि लाल भोपळा घरचा, असं भांडण लावण्यात अर्थ नाही.

घणसोली, मूळ नागपूर

मेक्सिकोत बाकर भाजी करतात का तेवढं सांगा.

मानपाडा

बटरनट वापरून बघितला. मॉलमध्ये हल्ली मिळतो, महाग असतो. गर जास्त घट्ट, धागे जवळपास नाहीत, बियांची पोकळी फक्त खालच्या फुगीर भागात, त्यामुळे वरच्या मानेच्या सारख्या चकत्या पडतात आणि रंग छान धरतात. पाहुणे असतील तेव्हा आणावा. रोजच्यासाठी मंडईतला जून भोपळा पुरतो. सालीचं विचाराल तर बटरनटची पातळ साल भाजल्यावर खाता येते. आपल्या जून भोपळ्याची साल टणक राहते, पण काढायची ती भाजून झाल्यावर काढा. कच्च्यावरून सोलताना सुरी निसटते, आणि सालीसकट भाजलेली फोड आकार धरून राहते.

कळवा

कुणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. कच्च्या फोडीचा बारीक तुकडा आधी जिभेला लावून बघावा. कडू लागला तर थुंकून टाका आणि अख्खा भोपळा फेका, शिजवून किंवा गूळ घालून खाऊ नका. कडू दुधीसारखंच ते, भोपळ्यातली ती कडू द्रव्यं शिजवून जात नाहीत आणि उलट्या-जुलाब होतात. बाजारातल्या भोपळ्यात क्वचितच आढळतं. कचऱ्यातल्या बियांतून कुंपणाला आपोआप उगवलेल्या वेलाचा असेल तर मात्र चाखल्याशिवाय कढईत टाकू नका.

धागाकर्ती

कळवा, बरं केलंत. आमच्या गच्चीवर असा एक वेल आहेच, पहिला भोपळा धरलाय. जांभळी नाका ताई, वेलावरचा भोपळा काढायला झाला हे देठावरूनच ओळखायचं का? की वेल वाळेपर्यंत थांबू?

जांभळी नाक्यावरून

देठ वाळू दे, नख रुतेनासं होऊ दे. काढताना देठ चारेक बोटं ठेवूनच कापा, देठ तुटला की तिथून सडतो. मग आठ-दहा दिवस हवेशीर जागी ठेवा आणि चाखून बघून भाजा.