जुने-नवे व्हिडिओ गेम कन्सोल एकाच खोलीत नीट ठेवायचेत: कपाट, डबे, सेल, वायरी यांबद्दल सल्ला हवा

निळीफळी:
संग्रह असा आहे: एनईएस, सुपर फॅमिकॉम, मेगा ड्राइव्ह १, सॅटर्न, ड्रीमकास्ट, प्लेस्टेशन २, ३ आणि ४, पहिला एक्सबॉक्स, एक्सबॉक्स ३६०. हातातले: गेम बॉय अ‍ॅडव्हान्स, डीएस लाइट, पीएसपी, स्विच. शिवाय साठेक कॅसेट, दीडशेच्या आसपास डिस्क आणि काही मूळ पुठ्ठ्याचे खोके.

भिंत १८० सेंटिमीटर रुंद मोकळी आहे. टीव्हीला एका वेळी चारच जोडलेले राहतील, बाकीचे वर्षभर बांधून ठेवायचे आहेत. खोलीत वर्षातले काही महिने हवा दमट असते. उघड्या फळ्या बऱ्या की झाकणाचे प्लास्टिकचे डबे? वायरी कन्सोलसोबत ठेवाव्यात की वेगळ्या? कोणता अडॅप्टर कशाचा, हे ओळखायचं कसं?

सोल्डरकाका:
फळ्यांचा विचार नंतर करा. बांधून ठेवलेला कन्सोल धुळीने क्वचितच मरतो, आतल्या सेलने आणि कपॅसिटरने (बोर्डवरचा वीज साठवणारा भाग) मरतो. म्हणून बांधण्याआधी प्रत्येक यंत्राच्या पोटात काय आहे ते पाहा.

सगळ्यात तातडीचा पहिला एक्सबॉक्स. त्याच्या मदरबोर्डवर घड्याळ चालू ठेवणारा एक मोठा कपॅसिटर असतो. तो फुटून गळतो आणि ते द्रव आजूबाजूच्या तांब्याच्या रेघा खातं. यंत्र बंद असलं तरी गळती थांबत नाही, हे नीट लक्षात घ्या. १.० ते १.५ आवृत्तीपर्यंतच्या बोर्डांवरचा हा कपॅसिटर काढूनच टाकायचा. १.६ वर वेगळ्या जातीचा असतो, त्याला हात लावू नका. काढल्यावर जागा ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल आणि मऊ ब्रशने घासायची, पूर्ण वाळू द्यायची. तोटा एवढाच की प्लग काढला की तारीख-वेळ पुसली जाते. सेव्ह हार्ड डिस्कवर असतात, त्यांना काही होत नाही. बोर्ड उघडलाच आहे तर ईईप्रॉमची (बोर्डची किल्ली साठवणाऱ्या छोट्या मेमरी चिपची) प्रतही काढून ठेवा. हार्ड डिस्कचं कुलूप त्या बोर्डच्या किल्लीनेच उघडतं, त्यामुळे उद्या बोर्ड गेला आणि प्रत नसली तर डिस्क शाबूत असूनही वाचता येत नाही.

सॅटर्नमध्ये मागच्या छोट्या झाकणाखाली सीआर२०३२ सेल असतो. तो काढला की आतल्या मेमरीतले सेव्ह जातात. आधी ते मेमरी कार्ट्रिजवर उतरवून घ्या, मग सेल काढून बांधा. ड्रीमकास्टच्या व्हीएमयूमध्ये (कंट्रोलरमध्ये बसणारं मेमरी कार्ड) दोन सीआर२०३२ असतात, पण तिथले सेव्ह फ्लॅश मेमरीत असल्याने सेल बिनधास्त काढा. प्लेस्टेशन ३ आणि ४ मध्येही सीआर२०३२ आहे, तो घड्याळापुरता. प्लेस्टेशन ४ चं सिस्टीम सॉफ्टवेअर ९.०० च्या आधीचं असेल तर बांधण्यापूर्वी अपडेट करा. त्याआधीच्या आवृत्त्यांत सेल मेला आणि इंटरनेटवरून वेळ जुळवता आली नाही, तर डिस्कवरचे खेळसुद्धा अडतात.

कॅसेटमधले सेल वेगळे. ते आतल्या रॅमला जिवंत ठेवतात, म्हणून काढले की सेव्ह संपलं. सेव्ह महत्त्वाचं असेल तर कॅसेट-रीडरने संगणकावर प्रत घ्या, मग पत्रीच्या टोकांसह मिळणारा नवा सेल सोल्डर करा. साध्या सेलवर थेट सोल्डर करू नका, उष्णतेने तो फुगतो.

गेम बॉय, रिमोट, वायरलेस कंट्रोलर, ज्यात एए सेल जातात त्यातून ते आजच काढा. अल्कलाइन सेल गळला की पत्र्यावर पांढरी-निळसर पूड येते. ती व्हिनेगरमध्ये बुडवलेल्या कापसाच्या काडीने पुसायची, मग अल्कोहोलने.

निळीफळी:
काका, खूप उपयोग झाला. पीएसपी, डीएस आणि स्विचच्या बॅटऱ्यांचं काय? पूर्ण चार्ज करून ठेवाव्यात का?

सोल्डरकाका:
नाही. लिथियम बॅटरी पूर्ण भरलेली ठेवली की लवकर म्हातारी होते, पूर्ण रिकामी ठेवली की इतकी खाली जाते की पुन्हा चार्ज घेत नाही. साधारण निम्मी भरून ठेवा. पीएसपीची बॅटरी काढता येते, ती बाहेर काढून वेगळ्या डबीत ठेवा. तिची फुगण्याची खोड जुनीच आहे, आणि फुगली की मागचं झाकण ढकलते. डीएस लाइटची एक स्क्रू काढला की निघते. स्विचची आत बंद असते, तिला निदान सहा महिन्यांतून एकदा चार्ज द्या. फुगलेली बॅटरी दाबू नका, टोचू नका, ई-कचऱ्यात द्या.

कपाटकर:
आता फळ्या. १८० सेंटिमीटरची एकच फळी टाकू नका, मध्ये झोल पडतो. ९० चे दोन खण करा, १८ मिलिमीटर प्लायवुड वापरा. पहिला प्लेस्टेशन ३ एकटा पाच किलोचा आहे, तसे तीन ओळीने ठेवले की पार्टिकल बोर्ड दोन वर्षांत वाकतो.

खोली ठरवताना नुसता कन्सोल मोजू नका. प्लेस्टेशन ३ साधारण २७ सेंटिमीटर खोल, पहिला एक्सबॉक्स २६ च्या आसपास. मागे प्लग आणि वायरीच्या वळणाला ८ ते १० सेंटिमीटर लागतात. म्हणजे ४० सेंटिमीटर खोल फळी हवी. पुस्तकांच्या २८-३० च्या कपाटात मागची फळी काढल्याशिवाय हे बसत नाहीत, आणि बसवलेच तर एचडीएमआयची पिन वाकलेल्या अवस्थेत राहून सॉकेट सैल होतं.

जोडलेल्या चौघांचा खण वेगळा: मागची बाजू उघडी, पुढे दार नाही, प्रत्येकाच्या वर किमान १० सेंटिमीटर मोकळी हवा. एकावर एक कधीच नाही. एक्सबॉक्स ३६० चा वीटेएवढा अडॅप्टर स्वतःच्या पंख्याने थंड होतो, त्याला कपाटामागे वायरींच्या गुंत्यात टाकू नका, कडक सपाट जागी ठेवा. जड यंत्रं कमरेखाली, हातातली डोळ्यांच्या पातळीला. खालची फळी जमिनीपासून १५ सेंटिमीटर वर असू द्या, फरशी पुसताना पाणी लागत नाही. आणि कपाट भिंतीपासून ५ सेंटिमीटर पुढे ओढा. ओल आली तर ती आधी भिंतीवर दिसायला हवी, खोक्यावर नाही.

ऊन थेट पडेल अशी भिंत निवडली असेल तर बदला. सुपर फॅमिकॉमचं प्लास्टिक पिवळं पडतं ते त्यातल्या ब्रोमीनयुक्त आगरोधक द्रव्यामुळे. अंधारातही ते थोडं होतं, पण ऊन आणि उष्णता त्याला वेग देतात.

निळीफळी:
बांधून ठेवायच्या दहांसाठी झाकणाचे डबे घेऊ का? आणि कसर, झुरळं यांसाठी डांबराच्या गोळ्या चालतील?

कोरडीहवा:
डांबराच्या गोळ्या अजिबात नकोत. नॅफ्थलिनची वाफ पॉलिस्टायरिन मऊ करते. खोक्यातला पांढरा थर्मोकोल आणि बऱ्याच पारदर्शक डब्या त्याच जातीच्या आहेत. किड्यांवर खरा उपाय म्हणजे रबरी गॅस्केटचं झाकण आणि आत अन्नाचा कण नसणं. प्लेस्टेशन ४ झुरळांना फार आवडतो, आत ऊब असते आणि जाळ्या मोठ्या. तो बांधण्याआधी ब्लोअरने साफ करा, आणि हवा मारताना पंख्याचं पातं बोटाने धरून ठेवा. मोकळं फिरलं तर बेअरिंग बिघडतं.

डबे घ्या, पण गॅस्केटचेच. साधं झाकण म्हणजे हवेसाठी उघडं दार. पॉलिप्रॉपिलिनचे डबे चांगले.

आता मुख्य गोष्ट, जी बहुतेक जण चुकवतात. ५० लिटर दमट हवेत पाणी असतं जेमतेम एक-दीड ग्रॅम. हवा ही अडचणच नाही. अडचण पुठ्ठा आहे. दमट दिवसांत एक किलो पुठ्ठा स्वतःच्या वजनाच्या दहा टक्क्यांपर्यंत, म्हणजे शंभर ग्रॅम पाणी धरून बसतो. १०० ग्रॅम सिलिका जेल साधारण २० ग्रॅम ओढून थांबते. म्हणून ओला खोका डब्यात घालून वर सिलिका टाकली तर आठवड्यात ती भरते आणि आत बुरशी येते. उघड्या फळीपेक्षाही वाईट. त्यापेक्षा बांधायचं काम कोरड्या दिवसांतच करा. खोके, पुस्तिका, कन्सोल दोन दिवस पंख्याखाली किंवा वातानुकूलित खोलीत ठेवून मग बंद करा. कन्सोल तासभर चालवून पूर्ण थंड झाल्यावर डब्यात गेला तर उत्तम.

५० लिटरला १०० ग्रॅम नारिंगी सिलिका, कापडी पिशवीत, कन्सोलला न टेकता. हिरवी झाली की ११० ते १२० अंशांवर ओव्हनमध्ये दोन-तीन तास, पुन्हा नारिंगी होते. त्याहून जास्त तापवलं तर रंग दाखवणारं द्रव्य जळतं आणि पुढे ती भरली की नाही कळत नाही.

प्रत्येक डब्यात छोटा आर्द्रतामापक ठेवा. ४० ते ५० टक्के हवं, ६० च्या वर गेलं की डबा उघडायचा. स्वस्त मापक खोटं बोलतात, म्हणून आधी तपासा: बाटलीच्या झाकणात मीठ घ्या, ओल्या वाळूइतकं भिजवा, मापकासोबत झिप पिशवीत बंद करून बारा तास ठेवा. ७५ दिसायला हवं. ७० दिसलं तर पुढे प्रत्येक आकड्यात ५ मिळवा.

सोल्डरकाका:
कोरडीहवा यांच्याशी सहमत, एक भर. डब्यात वायर कन्सोलला किंवा कंट्रोलरला टेकवून ठेवू नका. पीव्हीसी वायरीतला मऊपणा आणणारा पदार्थ हळूहळू बाहेर येतो आणि कन्सोलचं प्लास्टिक विरघळवतो. वायर उचलली की खाली तिच्याच आकाराची खाच दिसते, आणि ती पॉलिशने जात नाही. म्हणून वायरी वेगळ्या झिप पिशवीत. कन्सोलला धुतलेलं सुती कापड गुंडाळा. बबल रॅप थेट लावला तर गोल डाग उठतात.

कंट्रोलरची वायर कंट्रोलरभोवती गुंडाळायची सवय सोडा, तारा मुळाशी तुटतात. हाताएवढं सैल वेटोळं, वेलक्रो पट्टी. रबरबँड नको, तो वितळून चिकटतो.

वायरमन_८बिट:
अडॅप्टरबद्दल कुणी लिहिलं नाही आणि तुमच्या यादीत नेमका तोच सापळा आहे. एनईएसच्या मूळ अडॅप्टरमधून ९ व्होल्ट एसी येतो. सुपर फॅमिकॉम आणि मेगा ड्राइव्ह १ ला डीसी लागतो, मधली पिन ऋण. तिन्हींची पिन एकमेकांत बसते. एनईएसचा अडॅप्टर या दोघांना लावला तर आतला रेग्युलेटर किंवा कपॅसिटर जातो. मेगा ड्राइव्ह २ पुढे घेतलात तर त्याची पिन लहान आणि मधली पिन धन.

प्रत्येक अडॅप्टरच्या पिनजवळ, वायरवर झेंड्यासारखं लेबल लावा: यंत्राचं नाव, व्होल्ट, एसी की डीसी, मधली पिन धन की ऋण. अडॅप्टरच्या पाठीवरचं लेबल सॉकेटमध्ये असताना दिसत नाही. कन्सोलवर थेट चिकटपट्टी लावू नका, डिंक उरतो.

सॅटर्न, ड्रीमकास्ट, प्लेस्टेशन २ हे जपानी किंवा अमेरिकी असतील तर मागचं लेबल वाचा. १०० किंवा १२० व्होल्टचं यंत्र २३० वर लावलं की आतला वीजपुरवठा लगेच उडतो. त्यांच्या प्लगला लाल पट्टी गुंडाळा आणि व्होल्टेज उतरवणारा ट्रान्सफॉर्मर त्याच डब्यात ठेवा.

चित्राच्या वायरी कमी करता येतात. प्लेस्टेशन २ आणि ३ ला तीच कंपोनंट वायर चालते. सुपर फॅमिकॉमची कंपोझिट वायर निन्टेन्डो ६४ आणि गेमक्यूबलाही बसते. एकेक चांगली ठेवा, बाकीच्या सुट्या पिशवीत.

निळीफळी:
डिस्क आणि कॅसेटचं काही? आणि वर्षभर बंद राहिलेला कन्सोल बाहेर काढताना काय पाहायचं?

कपाटकर:
डिस्क उभ्या, मूळ डबीत, पुस्तकासारख्या. आडव्या थप्पीत खालच्या डब्यांचे मधले दात तुटतात आणि डिस्क आत मोकळी फिरून ओरखडते. मऊ पीव्हीसीची पाकिटं टाळा, पॉलिप्रॉपिलिनची घ्या. ड्राइव्हमध्ये डिस्क आणि खाचेत कॅसेट ठेवून बांधू नका. एनईएसमध्ये तर कॅसेट दाबून राहिली की आतल्या ७२ पिना सैल पडतात. कॅसेटच्या पट्ट्या अल्कोहोलच्या काडीने पुसा, तोंडाने फुंकू नका, थुंकीच्या ओलीने गंज चढतो.

नोंदवही:
डब्यांना क्रमांक द्या आणि एकच तक्ता ठेवा. रकाने: यंत्र, मॉडेल क्रमांक, प्रदेश, व्होल्टेज, डबा क्रमांक, अडॅप्टर क्रमांक, आतला सेल आणि बदलल्याची तारीख, शेवटचं चालू केल्याची तारीख, सध्याचे दोष. बांधताना चारही बाजूंचा आणि सीरियल क्रमांकाचा फोटो. तक्त्याची छापील प्रत डब्याच्या झाकणावर बाहेरून चिकटवा, म्हणजे शोधण्यासाठी दहा डबे उघडून दहा वेळा दमट हवा आत जाणार नाही.

सोल्डरकाका:
बाहेर काढताना: दमट दिवशी थंड खोलीतून उष्ण खोलीत आणला तर दोन-तीन तास तसाच ठेवा, आत दव धरलेलं असू शकतं. मग वास घ्या. माशासारखा वास आला तर कपॅसिटर गळतोय, चालू करू नका. नाही आला तर आधी डिस्कशिवाय अर्धा तास चालू ठेवा, पंख्याचा आवाज ऐका, मग डिस्क घाला. सहा महिन्यांतून एकदा हे केलं की पुरतं.

पहिल्या एक्सबॉक्सचा ट्रे वर्षानंतर बहुधा उघडणार नाही. ड्राइव्ह बिघडली समजून बदलू नका. ट्रे ओढणारा छोटा रबरी पट्टा एकाच जागी ताणलेला राहून चपटा झालेला असतो. ड्राइव्हचं झाकण काढा, पट्टा चिमट्याने काढून दोन्ही पुली अल्कोहोलने पुसा, नवा पट्टा चढवा. ३६० चंही तेच दुखणं, तोच इलाज. पट्टे एक-दोन जास्त घेऊन ठेवा, पण ते डब्यात वायरींना चिकटणार नाहीत अशा वेगळ्या पुडीत.