बूमिंग ब्लेड, स्नीक अटॅक आणि दुसरा वार

डंजन्स अँड ड्रॅगन्स या फाशांच्या भूमिका-खेळात रोगने (लपूनछपून लढणाऱ्या पात्राने) 'बूमिंग ब्लेड' (शस्त्राच्या वारासोबतचा मंत्र) टाकून वार केला तर स्नीक अटॅकचे (संधी साधून केलेल्या वाराचे) जादा नुकसानीचे फासे मिळतात का, आणि मिळत असतील तर फायटरला (लढवय्या पात्राला) बूमिंग ब्लेड टाकल्यावर त्याच पाळीत दुसरा वार का नाही, असा प्रश्न आहे. मी खेळाच्या पाचव्या आवृत्तीच्या २०१४ च्या नियमांबद्दल बोलतोय.

रोगला फासे मिळतात, फायटरला दुसरा वार नाही. सगळा घोळ 'अटॅक' या एका शब्दाचा आहे. खंजीर हाणणं हा अटॅक, आणि पाळीतली मुख्य कृती (अ‍ॅक्शन) म्हणून निवडायची 'अटॅक अ‍ॅक्शन' ही वेगळी गोष्ट. बूमिंग ब्लेडमध्ये शस्त्राचा खराखुरा वार होतो, म्हणून बाकीच्या अटी जुळल्या की स्नीक अटॅक लागू. पण अ‍ॅक्शन खर्च झाली ती मंत्र टाकण्यात. 'एक्स्ट्रा अटॅक', म्हणजे दुसरा वार, फक्त अटॅक अ‍ॅक्शन घेतली तरच मिळतो. एल्ड्रिच नाइटला (मंत्र टाकणाऱ्या फायटरला) सातव्या पातळीला 'वॉर मॅजिक' मिळतं ते याचसाठी: कॅन्ट्रिप (बूमिंग ब्लेडसारखा, कितीही वेळा टाकता येणारा साधा मंत्र) टाका, मग बोनस अ‍ॅक्शनने (पाळीतल्या जादा छोट्या कृतीने) एक वार.

पॅलडिनचं (पवित्र योद्ध्याचं) 'डिव्हाइन स्माइट', म्हणजे वाराला जोडलेलं दैवी जादा नुकसान, मला या सगळ्यात सुंदर वाटतं. वार लागल्यावर ठरवायचं! त्यामुळे क्रिटिकल (फासे दुप्पट करणारा खास वार) पडला की स्लॉट (मंत्रांची मर्यादित शिल्लक) खर्चून स्माइटचेही फासे दुप्पट करता येतात. २०२४ च्या नियमांत मात्र तो रीतसर मंत्र झाला आणि बोनस अ‍ॅक्शन खातो, म्हणजे पाळीला एकच. आमच्या टेबलावर यावरून बरीच नाराजी आहे, पण मला बदल योग्य वाटतो. एका पाळीत दोन स्माइट टाकून मोठा शत्रू संपला की बाकीचे खेळाडू नुसते बघत बसायचे.