बास्केटबॉल स्पर्धा: किती पॉइंट होतील असं धरायचं? घड्याळ, शॉट क्लॉक, गुणफलक यांबद्दल सल्ला हवा

मुग्धा_प
ठाण्यात जानेवारीत शनिवार-रविवार अशी दोन दिवसांची स्पर्धा भरवतोय. सिमेंटचं एकच कोर्ट, उघड्यावर. गट तीन: 14 वर्षांखालील मुलगे, 17 वर्षांखालील मुलगे आणि पुरुष खुला. प्रत्येक गटात चार संघ, साखळी सामने, मग वरच्या दोघांची फायनल. म्हणजे 18 अधिक 3, एकूण 21 सामने.

कोणत्या गटात साधारण किती पॉइंट होतात याचा अंदाज हवा आहे. टीव्हीवर 115-110 दिसतं, शाळेच्या सामन्यात 18-12. इतका फरक कशाने पडतो? घड्याळ धावतं ठेवायचं की प्रत्येक शिट्टीला थांबवायचं? शॉट क्लॉकचं, म्हणजे ठरलेल्या सेकंदांत शॉट घ्यायला लावणाऱ्या घड्याळाचं, यंत्र नाही, त्याशिवाय चालेल का? पानं उलटायचा 99 पर्यंतचा गुणफलक मिळतोय, तो पुरेल का?

पिवट
मुग्धाताई, आधी एक हिशोब मनात पक्का करा, मग बाकीची उत्तरं त्यातूनच निघतील. पॉइंट म्हणजे पझेशन गुणिले दर पझेशनमागे मिळणारे पॉइंट. पझेशन म्हणजे बॉल आपल्या हाती आल्यापासून समोरच्यांकडे जाईपर्यंतचा एक ताबा. शॉट हुकला आणि रिबाऊंड (हुकून परत आलेला बॉल) आपल्यालाच मिळाला, तर तो ताबा चालूच राहतो.

एनबीएत (अमेरिकेतली व्यावसायिक लीग) 48 मिनिटांत प्रत्येक संघाला साधारण 99 पझेशन मिळतात आणि दर पझेशनला 1.15 च्या आसपास पॉइंट होतात. झाले 114. फिबाच्या (आंतरराष्ट्रीय बास्केटबॉल महासंघाच्या) नियमांनी सामना 40 मिनिटांचा. तिथे 70-75 पझेशन धरा, म्हणून मोठ्या आंतरराष्ट्रीय सामन्यांचे आकडे 75 ते 95 मध्ये राहतात. 2023 च्या विश्वचषकाची फायनल जर्मनी 83, सर्बिया 77. पॅरिस ऑलिंपिकची पुरुषांची फायनल अमेरिका 98, फ्रान्स 87, महिलांची 67-66. एनबीएचे 114 नुसते 40 मिनिटांवर आणले तरी 95 होतात. अर्धी तफावत तिथेच मिटते.

शाळेत हे दोन्ही आकडे पडतात. धावत्या घड्याळाने पझेशन कमी होतात आणि टर्नओव्हरमुळे (शॉटआधीच बॉल गमावल्यामुळे) हातात आलेली पझेशनही वाया जातात. मुलांना शॉट मारता येत नाही म्हणून स्कोअर कमी, असं सगळे म्हणतात, पण आधी बघा की शॉटपर्यंत किती पझेशन पोचतात.

तुमचा 14 खालचा गट घ्या. 8 मिनिटांचे चार क्वार्टर, धावतं घड्याळ. 32 मिनिटांत बॉल खरा खेळात असतो 19-20 मिनिटं. एका पझेशनला 14-15 सेकंद धरले तर प्रत्येक संघाला 40. त्यातली 14 टर्नओव्हरमध्ये जातात: ट्रॅव्हलिंग, डबल ड्रिबल, बाहेर गेलेला पास. 3 पझेशन फ्री थ्रोवर (फाऊलबद्दल मिळणारे एकेक पॉइंटचे मोकळे शॉट) संपतात, 6 पैकी 2-3 आत. उरलेल्या 23 मध्ये आपलेच रिबाऊंड धरून 28 शॉट. 100 तले 28 जात असतील तर 8 बास्केट, 16 पॉइंट. एकूण 18-19. तुमचा 18-12 हा अगदी नेहमीचा स्कोअर आहे, त्यात बिघडलेलं काही नाही.

कोपऱ्यातला_थ्री
फरकाबद्दल थोडं जास्त लिहितो, कारण एनबीएचा इतिहास बघितला की नियमाने स्कोअर कसा हलतो ते स्वच्छ दिसतं.

22 नोव्हेंबर 1950 रोजी फोर्ट वेन पिस्टन्सने मिनियापोलिस लेकर्सना 19-18 हरवलं. दोन्ही संघ मिळून 37! शॉट क्लॉक नव्हतं, बॉल धरून उभं राहायला कुणाची हरकत नव्हती. 1954-55 मध्ये 24 सेकंदांचं घड्याळ आलं. सिराक्यूज संघाचे मालक डॅनी बियासोन यांचा हिशोब साधा होता: रंगलेल्या सामन्यात दोन्ही संघांचे मिळून साधारण 120 शॉट होतात, सामना 2,880 सेकंदांचा, भागाकार 24. संघाची सरासरी एका हंगामात 79.5 वरून 93.1 वर गेली. 1961-62 मध्ये तर 118.8. त्याच हंगामात, 2 मार्च 1962 ला, विल्ट चेंबरलेनने एकट्याने 100 केले.

तेव्हाचे 118 आणि आजचे 114 मात्र एका जातीचे नाहीत. तेव्हा धावाधाव प्रचंड आणि शॉट खूप हुकायचे. पुढे बचाव घट्ट झाला, खेळ संथ झाला आणि 1998-99 मध्ये सरासरी 91.6 पर्यंत उतरली. 2004-05 पासून ड्रिबल करणाऱ्याला हाताने अडवण्यावर पंच कडक झाले. शिवाय थ्री पॉइंटर (लांबच्या रेषेबाहेरून मारलेले तीन पॉइंटचे शॉट) वाढले: 1979-80 मध्ये संघामागे सामन्याला 2.8 प्रयत्न, 2024-25 मध्ये 37.6. आज पझेशन तेव्हापेक्षा कमी आहेत, पण प्रत्येक पझेशनची किंमत वाढली आहे.

मात्र थ्रीचा हा हिशोब शाळेला जसाच्या तसा लावू नका. एनबीएत थ्री 36 टक्के जातो, म्हणजे शॉटमागे 1.08. दोनच्या शॉटला तेवढं मिळवायला 54 टक्के लागतात. शाळेतला मुलगा थ्री 20 टक्के मारत असेल तर त्याला 0.6 मिळतात, आणि मोकळा ले-अप (धावत रिंगजवळ जाऊन मारलेला शॉट) 50 टक्के गेला तरी 1.0.

घड्याळवाला
वेळापत्रक मांडून देतो. पूर्ण थांबतं घड्याळ, 10 मिनिटांचे चार क्वार्टर, हाफ टाइम आणि टाइम आऊटसह सामन्याला सुमारे 100 मिनिटं. 21 सामने म्हणजे 35 तास. एका कोर्टवर दोन दिवसांत अशक्य.

त्याऐवजी असं करा. 8 मिनिटांचे चार क्वार्टर, धावतं घड्याळ. पण तीन ठिकाणी थांबवायचंच: टाइम आऊट, फ्री थ्रो, आणि चौथ्या क्वार्टरची शेवटची दोन मिनिटं प्रत्येक शिट्टीला. एका सामन्याचा वेळ:

वॉर्म-अप 5
खेळ 32
छोटे ब्रेक 1+1
हाफ टाइम 5
टाइम आऊट, संघाला दोन, एकेक मिनिटाचे: 4
फ्री थ्रोसाठी थांबणं 4
शेवटच्या दोन मिनिटांतलं थांबणं 3

एकूण 55 मिनिटं. 21 सामन्यांचे 19 तास 15 मिनिटं. दिवसाला 10 तास धरले तर 45 मिनिटं हाताशी उरतात. 14 खालच्या गटाला 6 मिनिटांचे क्वार्टर ठेवा. त्यांचे सातही सामने 8-8 मिनिटांनी आटोपतील, 56 मिनिटं वाचतील, आणि तीच खुल्या गटाच्या फायनलला द्या. ती पूर्ण थांबत्या घड्याळावर 10 मिनिटांच्या क्वार्टरची होऊ शकेल.

फ्री थ्रोला घड्याळ का थांबवायचं? दोन फ्री थ्रोंना 25-30 सेकंद सहज जातात. धावतं ठेवलं तर पुढे असलेला संघ फाऊल करून वेळ खातो, आणि फाऊल करणाऱ्याचाच फायदा होतो. क्वार्टरमधल्या पाचव्या टीम फाऊलपासून (संघातल्या सगळ्यांचे मिळून) दोन फ्री थ्रो, हा नियम धावत्या घड्याळातही तसाच ठेवा.

या मांडणीवर एका संघाच्या पॉइंटचा माझा अंदाज: 14 खाली 10 ते 20, 17 खाली 22 ते 32, खुला 30 ते 45. खुल्याची फायनल 55 ते 70.

मुग्धा_प
हे फार उपयोगी आहे, मनापासून धन्यवाद. म्हणजे दोन आकड्यांचा गुणफलक पुरेल. शॉट क्लॉकचं काय? आणि 14 खालच्यांना थ्री पॉइंटर ठेवावा का?

स्वाती_टेबल
गुणफलक पुरेल. फिबाच्या स्कोअरशीटवर धावता स्कोअर 160 पर्यंत छापलेला असतो, तिथेही अडचण नाही.

शॉट क्लॉक: 14 खाली नको. 17 खाली आणि खुल्या गटात हाती स्टॉपवॉच घेतलेला एक स्वतंत्र माणूस बसवा, ज्याच्याकडे दुसरं काहीही काम नसेल. 10 सेकंद उरले की मोठ्याने "दहा", मग पाचपासून उलटे आकडे, शून्याला भोंगा. भोंग्याचा आवाज पंचांच्या शिट्टीहून आणि मुख्य टायमरच्या भोंग्याहून वेगळा हवा, नाहीतर क्वार्टर संपला समजून मुलं थांबतात.

रीसेट कधी करायचं इथेच सगळे चुकतात:

बॉल रिंगला लागला आणि बचाव करणाऱ्यांनी घेतला: त्यांना नवे 24.
रिंगला लागला आणि ज्यांनी मारला त्यांनाच परत मिळाला: 14.
नुसता बोर्डला लागला, रिंगला नाही, आणि त्याच संघाकडे आला: रीसेट नाही, घड्याळ चालूच.
बचावपटूने बॉल फक्त ढकलून बाहेर घालवला: रीसेट नाही, उरलेल्या सेकंदांवरून पुढे.
पुढच्या अर्ध्या कोर्टात बचावपटूचा फाऊल: 14 किंवा जास्त उरले असतील तर तेच, 13 किंवा कमी असतील तर 14.
भोंगा वाजला तेव्हा बॉल हवेत होता आणि आत गेला: बास्केट धरायचं.

हा कागद टेबलावर चिकटवून ठेवा.

स्कोअररसाठी आणखी दोन गोष्टी. थ्री मारताना पाय रेषेला लागला असेल तर दोनच. आणि चुकून स्वतःच्याच बास्केटमध्ये बॉल गेला तर ते दोन पॉइंट समोरच्या संघाच्या कॅप्टनच्या नावावर लिहितात. प्रत्येक क्वार्टरनंतर गुणफलक आणि स्कोअरशीट पंचांसमोर जुळवा. शेवटी जुळवायला बसलात तर तीन पॉइंटची चूक कुठे झाली ते सापडत नाही आणि वाद होतो.

पिवट
14 खाली थ्री ठेवू नये असं माझं मत. 6.75 मीटरवरून त्या वयाची मुलं खांद्यावरून बॉल फेकतात, शॉटची पद्धत बिघडते. 12 खालच्यांच्या मिनी बास्केटबॉलमध्ये 5 नंबरचा बॉल आणि 2.60 मीटरवर रिंग असते, ती याच कारणाने. तुमच्याकडे रिंग खाली येत नसेल तर निदान थ्री काढा.

कोपऱ्यातला_थ्री
इथे माझं पटत नाही. थ्री काढला की समोरचा संघ पाचही जण रिंगखालच्या रंगवलेल्या भागात उभे करतो. आत जागाच उरत नाही, ले-अप संपतात, आणि स्कोअर 18 वरून 8 वर येतो. थ्रीपेक्षा झोन (माणसाऐवजी जागा वाटून घेऊन केलेला बचाव) काढा. 14 खाली मॅन-टू-मॅनच खेळायचं असं पत्रकातच लिहा. प्रत्येकाला आपापला माणूस धरावा लागला की मोकळी जागा आपोआप तयार होते.

पिवट
झोनबंदी मान्य, ती थ्रीपेक्षा महत्त्वाची आहे हेही मान्य. मग थ्री राहू द्या. पण फुल कोर्ट प्रेसलाही (पूर्ण कोर्टभर अंगावर जाऊन केलेला बचाव) मर्यादा घाला: 15 ची आघाडी झाली की बचाव अर्ध्या कोर्टाच्या मागून. नाहीतर एक तयार संघ दुसऱ्याला बॉल 8 सेकंदांत अर्ध्यापलीकडे नेऊच देत नाही आणि 40-2 असे सामने होतात.

यामागे साखळीचंही कारण आहे. जिंकल्यास 2, हरल्यास 1, न आल्यास 0 आणि सामना 20-0. दोन संघ बरोबरीत आले तर त्यांच्या आपसातल्या सामन्याचा निकाल. तिघे आले तर त्या तिघांच्या आपसातल्या सामन्यांमधला पॉइंटचा फरक. दुबळ्या संघावर 40 ने जिंकणं इथे कामाला येऊ शकतं, म्हणून फरक जास्तीत जास्त 20 धरला जाईल असं आधीच जाहीर करा. ही फिबाची अट नाही, आयोजकांची असेल, त्यामुळे कॅप्टनांच्या सह्या घ्या. सामना बरोबरीत सुटला तर जादा वेळ नियमाने 5 मिनिटांचा, पण तुमच्याकडे साखळीत 3 मिनिटं थांबत्या घड्याळावर पुरेत.

घड्याळवाला
कोर्टबद्दल राहिलं. रिंग 3.05 मीटरवर आहे ना, ते टेपने मोजा, पुढून आणि मागून दोन्हीकडे. लटकून लटकून रिंग पुढे झुकते, मग एका बाजूचा स्कोअर कायम वेगळा येतो. नट घट्ट करा. जाळी लावाच. जाळीशिवाय बॉल आतून गेला की बाहेरून यावर पंच आणि मुलं भांडतात.

बॉल: खुल्या आणि 17 खाली 7 नंबर, 14 खाली 6 नंबर, आणि सिमेंटवर रबरी. चामड्याचा दोन दिवसांत खरवडला जातो. हवा बघायला बॉलचा तळ 1.80 मीटरवर धरून सोडा, उसळून बॉलचा माथा 1.20 ते 1.40 मीटरच्या मध्ये आला पाहिजे. उन्हात ठेवलेला बॉल दुपारी टणक होतो आणि रिंगवरून लांब उडतो, म्हणून सावलीत ठेवा आणि दुपारी पुन्हा तपासा.

सकाळी पहिल्या सामन्याआधी कोर्ट झाडून ओल्या फडक्याने पुसा. सिमेंटवर बारीक धूळ असली की पाय घसरतो, मुलं ले-अपला जोर लावत नाहीत, आणि सकाळचे स्कोअर विनाकारण कमी येतात. कोर्ट पूर्व-पश्चिम असेल तर सकाळ-संध्याकाळ एका संघाच्या डोळ्यांत ऊन जाईल. हाफ टाइमला बाजू बदलतातच, तेवढ्याने समतोल साधतो. पण फायनल साडेपाचला ठेवू नका.

स्वाती_टेबल
वेळ फारच ओढाताणीचा झाला तर खुला गट 3×3 करता येईल. अर्धं कोर्ट, 10 मिनिटं किंवा आधी 21, शॉट क्लॉक 12 सेकंदांचं, आतून 1 आणि रेषेबाहेरून 2. वॉर्म-अपसकट 25 मिनिटांत सामना संपतो. पॅरिसला पुरुषांची फायनल नेदरलँड्सने फ्रान्सविरुद्ध जादा वेळेत 18-17 जिंकली, यावरून स्कोअरचा अंदाज येईल. तिथे जादा वेळेत जो आधी 2 पॉइंट करेल तो जिंकतो, घड्याळ नसतं. बॉल मात्र वेगळा लागतो, आकार 6 नंबरचा आणि वजन 7 नंबरचं. तो आधीच मागवून ठेवा.

मुग्धा_प
5×5 च ठेवतोय. पत्रकात झोनबंदी, 15 च्या पुढे प्रेस नाही आणि 20 ची मर्यादा हे तिन्ही घालते. रिंग उद्या मोजून घेते. शॉट क्लॉकला बसणाऱ्या दोन मुलांना शुक्रवारी संध्याकाळी सराव सामन्यात बसवलं तर पुरेल ना?

स्वाती_टेबल
पुरेल. एकाला हातात घड्याळ द्या, दुसऱ्याला रिंगकडे बघून "लागला" किंवा "नाही" एवढंच म्हणायला सांगा. अर्ध्या वेळाने अदलाबदल करा.