'अनाया म्हणजे अतुलनीय' लिहिणाऱ्यांनो, बारशाआधी कोश उघडा

देवगडची आत्या
काल इथे 'अस्सल संस्कृत नावे' म्हणून यादी आली. अनाया म्हणजे अतुलनीय, कियारा म्हणजे सूर्यकिरण, मायरा म्हणजे लक्ष्मी. खाली नुसते जोडलेले हात. मला राहवलं नाही.

वामन शिवराम आपट्यांचा १८९० चा कोश बघा. आपटे आपल्याच सावंतवाडी संस्थानातले. त्यात 'अनाया' नाही. जवळचा शब्द अनय: दुर्वर्तन, अन्याय, संकट. अरबीत 'इनाया' आहे, अर्थ काळजी, आस्था. सुंदर नाव, पण मग अरबी म्हणून ठेवा. इटालियन कियारा म्हणजे स्वच्छ, उजळ. आयरिश कियारा 'काळा' या शब्दावरून. मायरा म्हणजे राजस्थानात मामाने भाच्यांच्या लग्नात आणलेला आहेर.

आमच्या भाचीच्या बारशाला वहिनीने ताटातल्या तांदळात अंगठीने नाव लिहिलं. शेजारच्या निवृत्त संस्कृत मास्तरांनी अर्थ विचारला. तिने मोबाइलवरचा वाचून दाखवला. मास्तर काही बोलले नाहीत, प्रसाद घेऊन उठले. ते गप्प बसणं मला अजून टोचतं.

चिपळूणचा बाबा
माझ्या मुलीचं नाव अनाया आहे. साडेचार वर्षांची आहे. भटजींनी कृत्तिकेचा पहिला चरण म्हणून 'अ' दिला, आम्ही प्रेमाने नाव ठेवलं. तिला तुम्ही संकट म्हणता? राधेच्या नवऱ्याचं नाव अनयच ना? आणि मुरूडचे धोंडो केशव कर्वे! धोंडो म्हणजे दगड. १९५८ साली भारतरत्न झाले. अर्थावाचून काय अडलं?

मालवणी नातू
धोंडो नावाक कमी लेखू नकात. माझ्या आज्याचा नाव धोंडू. तेच्या आदी तीन पोरां गेली. ह्या तरी जगांदे, कोणाची दीठ लागा नये, म्हणान पणजीन मुद्दाम ठेवल्यान. आजो नव्वद वर्सां जगलो.

परळकर, मूळ गाव राजापूर
सांगायला छान. माझे वडील भिकाजी. मुंबईच्या शाळेत पोरं 'भीक घाल' म्हणून मागे लागायची. नोकरीला लागल्यापासून त्यांनी नुसतं 'बी.' लावलं. चाळीस वर्षं.

मालवणी नातू
लाज चिडवणाऱ्यांका वाटाक होयी. तुमी तेंका 'बी.' म्हणतास, म्हणजे तुमीय तेच केलास.

परळकर, मूळ गाव राजापूर
तोंड सांभाळून लिहा. माझ्या बापाने काय सोसलं ते तुम्हाला माहीत नाही. गावच्या सातबाऱ्यावर त्यांचं पूर्ण नाव आहे. तिथे त्यांनी 'बी.' लावू दिलं नाही. तलाठ्यासमोर स्वतः उभे राहून लिहून घेतलं.

मालवणी नातू
ह्या म्हायत नव्हता. चुकलंय.

देवगडची आत्या
चिपळूणकर, धोंडूच्या पणजीला अर्थ पक्का ठाऊक होता. वाईट अर्थ तिने निवडला. मी एवढंच मागतेय. आणि घाई कशाला? जन्मदाखल्यावर नाव वर्षभरात विनाशुल्क लावता येतं, पुढे पंधरा वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. चार दिवस कोश बघायला नक्की मिळतात.

चिपळूणचा बाबा
आपटे बघितला. अतुलनीय कुठेच नाही, मान्य. ती विचारेल तेव्हा इनायाचा अर्थ सांगेन, काळजी. नाव बदलणार नाही. पण 'संकट' मागे घ्या.

देवगडची आत्या
शब्दाबद्दल लिहिलं होतं, लेकीबद्दल नाही. तरी तुम्हाला लागलं, म्हणून घेतला मागे.