मदत हवी आहे: आयरिश दिग्दर्शक जॉर्ज मॉरिसन यांच्या माहितीपटांची मराठी उपशीर्षके

'मिशे एरे' (१९५९) आणि 'सीर्शे?' (१९६१) यांचे निवेदन आयरिशमध्ये आहे. इंग्रजीवरून मराठी केले की धार जाते, म्हणून मूळ आयरिश जाणणारे कुणी आहे का?

पहिली अडचण शीर्षकाची. 'मिशे' हे 'मी'चे ठासून उच्चारलेले रूप, 'एरे' म्हणजे आयर्लंड. 'मीच आयर्लंड' लिहावे, तर 'च'मुळे 'दुसरे कुणी नाही' असा अर्थ शिरतो. आयरिश क्रांतिकारक कवी पॅट्रिक पिअर्सच्या याच नावाच्या कवितेत आयर्लंड ही वृद्ध स्त्री आहे, तेही 'मी आयर्लंड'मध्ये हरवते.

दुसरी वेळेची. माहितीपटांत वापरलेल्या जुन्या वार्तापटांतली दृश्ये भराभर बदलतात. दोन ओळींचे उपशीर्षक वाचायला पाच-सहा सेकंद लागतात. दृश्य तोवर सरते. निवेदन कुठे छाटावे? संगीतकार शॉन ओ रिआदांच्या संगीतावर मात्र अक्षरे नकोतच.